साडी डिस्को कशी काय?

कोणीतरी विचारलं होतं की विदर्भात आर्णीकडच्या आजी चमकीच्या साडीला 'डिस्को साडी' म्हणतात, पण डिस्को तर गाण्याचा प्रकार ना, मग साडी डिस्को कशी?

मी तिकडचाच. मूळ शब्द फ्रेंच, दिस्कोथेक, म्हणजे गाण्यांच्या तबकड्यांचा, रेकॉर्डींचा संग्रह, ग्रंथालयाला ते बिब्लिओथेक म्हणतात त्याच चालीवर. मग तबकड्या लावून लोक नाचतात ती जागा, मग अमेरिकेत शेपूट तोडून नुसतं डिस्को आणि १९७०च्या दशकात तिथं वाजणाऱ्या गाण्यांनाही तेच नाव. तिकडं १९७९मध्ये शिकागोच्या बेसबॉल मैदानावर लोकांनी डिस्कोच्या रेकॉर्डी स्फोटानं उडवल्या, आणि आपल्याकडं तेव्हा कुठं सुरुवात, १९८०ला 'कुर्बानी'त गायिका नाझिया हसन, १९८२ला 'डिस्को डान्सर'. आता गावात नाचायची अशी जागा कुठून येणार बाप्पा, शब्द आला तो तंबूतल्या टॉकीजमधून, अन पडद्यावर दिसलं काय तर चमचम कपडे आणि लुकलुकणारे दिवे, तेवढंच लोकांनी उचललं.

आमच्या गणपतीत पोट्ट्यांनी वाळलेल्या भोपळ्यावर फुटक्या आरशाचे तुकडे डिंकानं चिकटवले होते, सुतळीला पीळ देऊन सोडलं की भोपळा गरगर फिरायचा आणि बॅटरीचा उजेड पार मारुतीच्या देवळापर्यंत नाचायचा. त्या भोपळ्याचं नावच डिस्को! टेपवर मात्र भजनं चालू.

तर साडीपुढं हे विशेषण झालं, डिस्को साडी, डिस्को बल्ब, शेवटी ओ असल्यानं लिंगवचन बदललं तरी शब्द तसाच राहतो. क्रियापद म्हणाल तर 'डिस्को करणं', ते अजून मजेदार. डवऱ्याला, म्हणजे कोळप्याला जुंपलेला गोऱ्हा पिकाच्या ओळीत सरळ चालेना की आमचे आजोबा, 'काहून बे, हा तं डिस्को करून रायला!' रात्री पिऊन येणाऱ्यालाही हेच. माझ्या मते हा अर्थ नाचावरून आलाय, चमकण्यावरून नाही, म्हणजे एकाच शब्दाच्या दोन फांद्या.

आता पोरं विचारतात डीजे चं काय. त्यातला 'डी' म्हणजे तीच डिस्क, तबकडी लावणारा माणूस म्हणजे डिस्क जॉकी. पण आमच्याकडं वरातीत 'डीजे आला' म्हटलं की ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवर रचलेले स्पीकरचे बॉक्स आले, आणि गाणी लावणाऱ्याला म्हणतात 'डीजेवाला'.