डावा मोजा आधी

चिरंजीव,
अनेक आशीर्वाद.

तुझा मेसेज परवा रात्री वाचला. ‘सर, पक्षवाले शहर युवक अध्यक्ष करतो म्हणत्यात. तिकडं गोव्यात फुटबॉल क्लबची ट्रायल पण हाय. काय करू?’ आणि खाली जोडलेले दोन हात. मी अडतीस वर्षं शाळेत पीटी शिकवली. असल्या प्रश्नाला अंगठा पाठवून मोकळं होणं मला जमत नाही, म्हणून कागद घेतला. निवांत वाच. ट्रायलला अजून तीन आठवडे आहेत.

तूच मला मागं त्या कोरियन पुढाऱ्याची, ली जुन-सोकची क्लिप पाठवली होतीस. ‘चाळिसाव्या वर्षी राष्ट्राध्यक्षपदाला उभा राहिलाय, आपल्याकडं असलं कवा व्हायचं?’ असं वर लिहून. आणि फुटबॉलवाला सोन ह्युंग-मिन तर तुझ्या मोबाइलच्या कव्हरवरच आहे. दोघेही दक्षिण कोरियाचे, दोघांनाही पोरवयात मोठं मैदान मिळालं, त्यामुळं तुला ते एकाच माळेचे मणी वाटतात. मला नाही वाटत.

लीपासून सुरू करतो, कारण तुझ्या दारात येऊन उभी राहिलेली गाडी त्याच रस्त्याची आहे.

जन्म 1985 चा. हार्वर्डमधून कॉम्प्युटर सायन्स आणि अर्थशास्त्र शिकून परत आला, गरीब मुलांना फुकट शिकवणी देणारी एक संस्था मित्रांबरोबर उभी केली. 2011 च्या डिसेंबरात तिथल्या सत्ताधारी पुराणमतवादी पक्षाची हवा गेली होती. पक्ष सावरायला पुढं राष्ट्राध्यक्ष झालेल्या पार्क ग्युन-हे यांनी आपत्कालीन समिती नेमली आणि तीत या सव्वीस वर्षांच्या मुलाला घेतलं. तेव्हापासून तो ‘पार्क ग्युन-हेंचं पोर’.

आता का घेतलं, ते बघ. हुशार होता, बोलायला फटकळ होता, सगळं खरं. पण तसे सोलमध्ये हजार असतील. पक्षाला त्या घडीला एक तरुण चेहरा हवा होता, आणि तो याच्याकडे होता. गणपतीच्या अहवालाच्या मुखपृष्ठावर फोटो लागतो ना, तसा. तुला ‘अध्यक्ष करतो’ म्हणणाऱ्यांना काय हवं आहे? तुझे विचार? तुझे विचार तर मलाही अजून माहीत नाहीत, आणि मी तुला सहावीपासून ओळखतो. त्यांना तुझ्या मागची पेठ हवी आहे. आपल्या कोल्हापूरच्या शाहू स्टेडियमवर तुझ्या पायात चेंडू आला की जो कालवा होतो, तो त्यांना मिरवणुकीत हवा आहे. मागणं वाईट नाही. फक्त ते त्यांचं काम आहे, तुझं नव्हे, एवढं ओळखून पुढचं बोल.

लीचं पुढं काय झालं? ज्या नोवॉन भागात तो वाढला तिथून 2016 मध्ये संसदेला उभा राहिला, पडला. 2018 च्या पोटनिवडणुकीत पडला. 2020 मध्ये पुन्हा तिथंच, पुन्हा पडला. कोरियात खासदाराला किती वेळा निवडून आला त्यावरून ओळखतात. एक वेळचा, तीन वेळचा, पाच वेळचा. याला विरोधकांनी नाव ठेवलं, ‘उणे तीन वेळचा’. मधल्या काळात पार्क यांच्यावर महाभियोग आला तेव्हा त्यांची साथ सोडली, पक्ष बदलले, टीव्हीवर भांडला, 2019 मध्ये परवाना काढून काही आठवडे टॅक्सीसुद्धा चालवली. टॅक्सीचं नाटक म्हण हवं तर. मी म्हणत नाही. सायकलचा फोटो पाच मिनिटांत काढता येतो. टॅक्सीत दारुडा गिऱ्हाईक बसला की कॅमेरा कामाला येत नाही. मला या माणसाचा हाच काळ आवडतो. तुझ्या क्लिपमध्ये तो नव्हता.

सायकलचं सांगायचं राहिलं. जून 2021 मध्ये, वय 36, संसदेत एकदाही निवडून न आलेला हा गडी देशातल्या मोठ्या विरोधी पक्षाचा अध्यक्ष झाला. पहिल्या दिवशी सोल महापालिकेची भाड्याची सायकल, ती हिरव्या-पांढऱ्या रंगाची ‘तारुंगी’, घेऊन संसदेत आला. काळी गाडी, ड्रायव्हर, मागं धावणारे कार्यकर्ते यातलं काही नाही. फोटो देशभर गाजला. पण त्या निवडणुकीचे आकडे बघितलेस? पक्ष सदस्यांच्या मतांना 70 टक्के वजन, जनमत चाचणीला 30. सदस्यांच्या मतांत तो मागं होता; त्याच्यापुढं होत्या चार वेळा खासदार राहिलेल्या ना क्यूंग-वोन. बाहेरच्या जनतेनं चाचणीत त्याला जवळजवळ 59 टक्के दिले, त्यावर तो तरला. म्हणजे ज्या घराची किल्ली मिळाली, त्या घरातल्या माणसांना तो नको होता. तालमीतल्या वस्तादांना विचारल्याशिवाय गावानं परस्पर कुणाला वस्ताद केलं तर काय होईल, ते तुला सांगायला नको.

तसंच झालं. मार्च 2022 मध्ये त्यांचे युन सोक-योल राष्ट्राध्यक्ष झाले, जूनमध्ये स्थानिक निवडणुकाही पक्षानं मारल्या. आणि जुलैमध्ये शिस्त समितीनं एका जुन्या प्रकरणातल्या आरोपांवरून, जे त्यानं फेटाळले होते, ली यांचं सदस्यत्व सहा महिन्यांसाठी गोठवलं. त्याच महिन्यात संसदेत बसलेल्या एका नेत्याच्या मोबाइलवर फोटोग्राफरनं लांबून भिंग रोखलं. पडद्यावर राष्ट्राध्यक्षांचा मेसेज होता. आपल्याच माणसांवर गोळ्या झाडणारा अध्यक्ष गेला, पक्ष सुधारला, अशा अर्थाचा. मी तो फोटो मोठा करून बघितला. भाषेपेक्षा मला त्यातला हाताचा अंगठा लक्षात राहिला, वाचता वाचता सहज टेकवलेला. कुणाची तरी गरज संपलेली इतक्या सहज कळवतात.

डिसेंबर 2023 मध्ये त्यानं पक्ष सोडला, नवा पक्ष काढला. एप्रिल 2024 मध्ये ह्वासोंगच्या दोंगतान भागातून, तरुण कुटुंबांच्या नव्या वसाहतीतून, 42 टक्क्यांवर मतं घेऊन पहिल्यांदा संसदेत गेला. वय 39. समितीत घेतलं तेव्हा सव्वीस, स्वतःच्या मतदारांनी निवडलं तेव्हा एकोणचाळीस. मधल्या तेरा वर्षांत देशाला तो माहीत होता आणि एकाही मतदारसंघाचा तो नव्हता. तू युवक अध्यक्ष झालास तर तुझी हीच तेरा वर्षं सुरू होतील, आणि तुझ्याकडं हार्वर्डचा कागद नाही.

जून 2025 ची राष्ट्राध्यक्षपदाची निवडणूक तू बघितलीसच. चाळीस पूर्ण झाल्याशिवाय तिथं उभं राहता येत नाही. त्याला मार्चअखेर चाळीस झाले. 8.34 टक्के मतं पडली. 10 टक्के असती तर निम्मा प्रचारखर्च परत मिळाला असता, 15 असती तर सगळा. काहीच मिळाला नाही. एक्झिट पोलमध्ये विशीतल्या पुरुषांपैकी 37 टक्के त्याच्या बाजूनं दिसले, विशीतल्या बायकांपैकी 10. स्त्रीवादाविरुद्ध बोलून त्यानं पोरं गोळा केली, पोरी गमावल्या. शेवटच्या टीव्ही चर्चेत तर बायकांबद्दल असं काही बोलून बसला की माफी मागावी लागली. ‘तरुणांचा नेता’ म्हणून जी क्लिप तू मला पाठवलीस ती एकदा तुझ्या ताईला दाखव. ती काय म्हणते ते मला कळव.

बरं, आता सोन.

चुनचॉन, गांगवोन प्रांत, जन्म 1992. वडील सोन वूंग-जोंग स्वतः व्यावसायिक फुटबॉलपटू. टाचेच्या दुखापतीनं अठ्ठाविसाव्या वर्षी खेळ संपला. (माझा गुडघा सत्ताविसाव्या वर्षी गेला, तेव्हा हे वाक्य मी जरा थांबून लिहितोय.) या माणसानं दोन्ही पोरांना बाकी सगळं बाजूला ठेवून एकच शिकवलं: चेंडू खाली पडू द्यायचा नाही. सामने नंतर, गोलवर मारणं नंतर. एकदा भावाभावांत भांडण झालं, तर शिक्षा म्हणून दोघांना चार तास चेंडू पायावर खेळवत ठेवलं. तीन तास उलटल्यावर पोराला एकाचे तीन चेंडू दिसायला लागले, जमीन लाल दिसायला लागली. सोननं स्वतः हे मुलाखतीत सांगितलं आहे, हसत हसत.

मला यात दुसरी एक गोष्ट जास्त भावते. पोर उजव्या पायाचं. म्हणून बापानं नियम केला: पाय धुताना डावा आधी, मोजा घालताना डावा आधी, बूट घालताना डावा आधी. मैदानावर नव्हे, घरात. सकाळी पलंगाच्या कडेला बसून पोर मोजा उचलतंय, सवयीनं उजवा पाय पुढं येतोय, आणि ते तो मागं घेतंय. हे कुणी बघायला नाही, टाळ्या नाहीत. 2021-22 च्या हंगामात त्यानं प्रीमियर लीगमध्ये 23 गोल केले, सालाहच्या बरोबरीनं सर्वाधिक. एकही पेनल्टी नाही. 12 डाव्या पायानं, 11 उजव्या.

सोळाव्या वर्षी शाळा सोडून हॅम्बुर्गला गेला. त्याची तिथं कुणालाच गरज नव्हती, हे लक्षात घे. जर्मन क्लबला कोरियन चेहरा लावून काही मिरवायचं नव्हतं. ऑक्टोबर 2010 मध्ये, अठराव्या वर्षी, कोलोनविरुद्ध पहिला गोल झाला; गोलकीपरच्या डोक्यावरून चेंडू उचलून. आपल्याकडं त्यावर पोराची जीपवरून मिरवणूक निघाली असती. बापानं हंगाम संपल्यावर त्याला चुनचॉनला नेलं आणि रोज हजार शॉट मारायला लावले. पाचशे उजव्यानं, पाचशे डाव्यानं. पुढं हाच बाप जगासमोर म्हणायचा, माझा मुलगा अजून जागतिक दर्जाचा नाही.

थांब, बापाची आरती ओवाळतोय असं समजू नकोस. 2024 मध्ये त्यांच्याच अकादमीतल्या एका मुलाच्या घरच्यांनी मारहाण-शिवीगाळीची तक्रार केली आणि कोर्टानं त्यांना दंड केला. मीही तुमच्या वेळी शिट्टीची दोरी फिरवायचो; तुझ्या पोटरीवर एकदा बसलेली आहे. ती चूक होती. हजार शॉट दोरीशिवाय मारून घेता येतात.

आणि नशीब? कोरियात पुरुषाला सक्तीची लष्करी सेवा असते, किमान दीड वर्ष. ऐन भरात ती आली की युरोपातलं करिअर आटोपलं. आशियाई स्पर्धेत सुवर्ण किंवा ऑलिंपिकमध्ये कुठलंही पदक मिळालं तर सूट. 2014 मध्ये क्लबनं सोडलं नाही, आणि कोरियानं त्याच्याशिवाय सुवर्ण जिंकलं. 2016 च्या ऑलिंपिकमध्ये होंडुरासनं उपांत्यपूर्व फेरीत बाहेर काढलं. 2018, इंडोनेशिया, शेवटची संधी. गटात मलेशियाकडून हरले. अंतिम सामना जपानशी, जादा वेळेत गेला, 2-1. दोन्ही गोल दुसऱ्यांनी मारले. सव्वीस वर्षांचं आयुष्य दुसऱ्याच्या पायावर आणि डोक्यावर टांगलेलं होतं आणि ते वाचलं. बदल्यात 2020 मध्ये जेजू बेटावर तीन आठवडे मरीनबरोबर मूलभूत प्रशिक्षण केलं. तेव्हा ‘मेहनत केली की सगळं मिळतं’ असलं मी तुला कधीच सांगणार नाही. हजार शॉटनी फक्त एवढं होतं, की दुसऱ्यानं संधी दिली त्या दिवशी तू तयार असतोस.

इंग्लंडच्या टॉटनहॅम क्लबकडं दहा हंगाम, 454 सामने, 173 गोल, आणि करंडक शेवटच्या हंगामात एक. मे 2025 ची ती बिल्बाओची युरोपा लीग फायनल मी रात्री साडेबाराला लावून बसलो होतो. कर्णधार असून बाकावर होता. उत्तरार्धात आत आला, बहुतेक वेळ मागं येऊन बचावच करत होता. शिट्टी झाल्यावर कमरेला कोरियाचा झेंडा गुंडाळून रडत होता. ऑगस्टमध्ये लॉस एंजेलिसला गेला. वय 33.

हे दोन आकडे शेजारी ठेव. 33 ला सोनचं उतरतं ऊन सुरू झालं. 40 ला ली राष्ट्राध्यक्षपदाला उभा राहायला नुसता पात्र झाला. पक्षाचं पद तुझी वाट बघेल. आज नाही तर निवडणुकीआधी नक्की परत दारात येतील, कारण पेठ कुठं पळून जात नाही. तुझा गुडघा बावीस वर्षांचा आहे तो पुढच्या वर्षी तेवीसचा होईल. म्हणून गोव्याला जा. निवड होईल का, माहीत नाही. 2017 च्या सतरा वर्षांखालच्या विश्वचषकात आपल्या कोल्हापूरचा अनिकेत जाधव भारताकडून खेळला, तेव्हापासून इथलं प्रत्येक पोर स्वतःला पुढचा समजतं, आणि तुझा डावा पाय अजून नुसता टेकू आहे. खासबागेच्या बाजूच्या भिंतीवर आजपासून रोज दोनशे, फक्त डाव्यानं. मी येऊन बसेन. दोरी घरी ठेवून.

राजकारण वाईट म्हणून नको, असं मी म्हणत नाही. उद्या उभं राहायचंच असेल तर आधी दोन वर्षं वॉर्डातल्या पाण्याच्या टँकरच्या पाळ्या लाव, शिव्या खा, एकदा पड. लीचं तेवढं घे.

पक्षवाल्यांना मात्र तोंडावर नाही म्हणू नकोस, घरी आलेल्या माणसाला चहा दे. एवढंच विचार की नेमणुकीचं पत्र लेखी देणार का, त्यावर मुदत किती आणि काढायचा अधिकार कुणाचा. जे उत्तर येईल ते शब्दाला शब्द मला फोनवर सांग. सकाळी सातच्या आत कर, नंतर मी रंकाळ्यावर असतो.

तुझा,
सर