दादीला शेजारीण म्हणणारा मुलगा

“मॅडम, मुलाला कुठलातरी एकच धर्म द्यायला हवा होता का?” आंतरधर्मीय लग्न केलेले आईवडील हा प्रश्न मला नेहमी विचारतात. पुण्यातलं हे जोडपंही तोच घेऊन आलं. (ओळख पटू नये म्हणून तपशील बदलले आहेत.) आई हिंदू, वडील मुस्लिम. लग्न १९५४च्या विशेष विवाह कायद्याखाली, दोघांपैकी कुणीही धर्म न बदलता. मुलगा तिसरीत. घरात गणपतीही बसतो, ईदला शीरखुर्माही होतो.

निमित्त घडलं शाळेच्या गेटवर. दादी न्यायला आली होती. “या कोण रे?” मित्राने विचारलं, तर हा म्हणाला, “शेजारच्या आहेत.” दादीने ते ऐकलं. घरी नेऊन तिने त्याला नेहमीसारखं जेवू घातलं, पण त्यानंतर ती शाळेकडे फिरकली नाही.

दोन धर्मांमुळे पोराचा गोंधळ उडालाय, असं आईवडिलांना वाटत होतं. मी त्याच्याशी एकट्याशी बोलले, तेव्हा गोंधळ कुठेच दिसेना. त्याने सरळ सांगितलं, “घर बघायला गेलो तेव्हा आई म्हणालेली, बाबांचं नाव सांगू नकोस, नाहीतर घर मिळणार नाही.” बाबांकडचं ते लपवायचं, हे त्याला पक्कं समजलं होतं.

नाव ऐकून घर नाकारणारे मालक आहेत, तेव्हा या दोघांना दोष कसा देऊ? पण मोठ्यांची ती वेळ मारून नेण्याची युक्ती असते, आणि मूल त्यातून आपल्याच माणसांची लाज शिकतं.

आईने त्याला स्पष्ट सांगितलं, “चूक नाव विचारून घर नाकारणाऱ्यांची. बाबांची नाही, दादीची तर नाहीच. मी घाबरले होते.” त्याने लगेच विचारलं, “दादीला माहितीये हे?”

‘आई हिंदू, बाबा मुस्लिम, मी दोघांचा’ हे उत्तर आम्ही त्याच्याकडून घोळवून घेतलं. ‘मला आत्ता नाही सांगायचं’ हेही. विचारेल त्याला सगळं सांगत बसायची गरज नाही, फक्त खोटं बोलायची वेळ त्याच्यावर येऊ नये.

अर्जांमधल्या धर्माच्या रकान्याची वडिलांना धास्ती होती. सरकारी अर्जात धर्म लिहायची सक्ती करता येणार नाही, असा निकाल मुंबई उच्च न्यायालयाने २०१४मध्ये दिलाय, हे कळल्यावर ते जरा सैलावले.

भाडेकरार आता संपत आलाय. या वेळी एजंटला बाबांचं नाव आधीच सांगायचं आणि नकार आले तर ते मुलापासून लपवायचे नाहीत, असं दोघांनी ठरवलंय.