पर्वतरांगा पाठ करू नका, नकाशावर काढा
नुसती यादी घोकलीत तर आफ्रिकेतला अ‍ॅटलास परीक्षेत आशियात जाऊन बसतो! कोरा नकाशा घ्या आणि पेन्सिलने आधी दोनच पट्टे ओढा: दोन्ही अमेरिकांच्या पश्चिम बाजूने रॉकी-अँडीज, आणि आल्प्सपासून कॉकेशस, झॅग्रोस, हिंदुकुश करत हिमालयापर्यंत. मग उरल, साधारण ६०° पूर्व रेखांशालगत, उत्तर-दक्षिण. तो आडवा काढला की युरोप-आशियाची सीमाच बिघडते. शिखरांत हमखास फसवतं ते अकोंकाग्वा (६,९६१ मी.). अँडीज म्हटलं की हात चिलीकडे जातो. शिखर मात्र अर्जेंटिनात, सीमेपासून जेमतेम १५ किमीवर. आणि हो, सह्याद्रीला ‘वली पर्वत’ (खडकांच्या थरांना घड्या पडून बनलेला) लिहू नका. ती बेसॉल्टच्या पठाराची तुटलेली कड आहे.