क्लास सुरू करतोयस, तर आधी शड्डू बघ

भावा, स्टुडिओची नाइट शिफ्ट सोडून कोल्हापुरात ॲनिमेशन आणि व्हीएफएक्स (सिनेमातली कॉम्प्युटरवरची दृश्य-करामत) शिकवायचं ठरवलंस, बरं केलंस. पण पहिल्याच दिवशी सॉफ्टवेअरची बटणं दाखवत बसू नकोस. ती यूट्यूबवर मिळतात, आणि ब्लेंडर हे थ्रीडी सॉफ्टवेअर तर फुकटच आहे.

पोरांना तालमीत ने. वस्तादांना विचारून एका पैलवानाचा शड्डू मोबाइलवर शूट करायला लाव. सेकंदाला २४ फ्रेम धरून एकेक फ्रेम पुढं सरकव. हात वर जाऊन क्षणभर रेंगाळतो, खाली येताना मोजक्या फ्रेममध्येच खेळ खल्लास, आणि हात थांबला तरी मांडी थरथरतच असते. अँटिसिपेशन (हालचालीआधीची तयारी), टायमिंग, फॉलो-थ्रू (थांबल्यावरही उरलेली हालचाल), ॲनिमेशनचं सगळं तिथंच. मग त्याच हाताचं रोटो, म्हणजे फ्रेमगणिक कडा आखून हात वेगळा काढणं, करायला दे. खाली येताना बोटं धूसर होतात; तिथं पोरगं कडक कडा मारतं की ब्लरचा अंदाज घेतं, यावर त्याची नजर कळते.

प्रभात फिल्म कंपनी १९२९ साली याच गावात सुरू झाली, हे सांग जरूर, पण तेवढ्यानं पोरं टिकत नाहीत. पालक पगार विचारतील. सुरुवात बहुधा रोटो-पेंटनं (पेंट म्हणजे शॉटमधलं नको ते पुसणं) होते आणि पैसे बेताचेच, हे तोंडावर सांग. ॲडमिशन गेली तर जाऊ दे.

स्वतःचं थोडं फ्रीलान्स चालू ठेव, नाहीतर उदाहरणं शिळी होतात. क्लायंटचे शॉट मात्र रिलीजआधी वर्गात दाखवू नकोस, करार अंगाशी येईल.