अक्का, आजीकडं कुठल्या तोंडानं जाऊ?

(पत्र थोडक्यात: वय 23, बेळगाव. आई उत्तर कन्नडातल्या यल्लापूरकडची सिद्दी (आफ्रिकी वंशाचा समाज), वडील मराठा. लग्नानंतर आईकडचं येणंजाणं तुटलं. आई दोन वर्षांपूर्वी गेली. "शाळेत केसांवरनं आफ्रिकन म्हणायचे, मी स्ट्रेट करून घेतले. ट्रंकेत आईची एक वाकळ सापडली, चारी कोपऱ्यांना कापडाच्या त्रिकोणी घड्या शिवलेल्या. आजीकडं जावंसं वाटतंय, पण मला कोकणी येत नाही, आणि काकू म्हणते एसटी (अनुसूचित जमाती) सर्टिफिकेटसाठी चाललीस.")

अगं पोरी, सर्टिफिकेटचं आधी संपवूया. उत्तर कन्नडातल्या सिद्दींना 2003 ला एसटीत घेतलं, बेळगाव-धारवाडच्यांना 2020 ला. पण असल्या लग्नात मूल बापाच्या जातीचं असंच धरून चालतात, आईच्या समाजात वाढलं हे पुराव्यानं दाखवलं तरच वेगळं, सुप्रीम कोर्टानं 2012 ला तसं सांगितलंय. तू वाढलीस बेळगावात, वडिलांकडच्या माणसांत. म्हणजे अवघडच. काकूला सांग की कागद मिळणार नाही तरी चाललेय, मग बघ काय बोलते ते.

केसांचं म्हणशील तर, आईकडच्या पूर्वजांना पोर्तुगीजांनी आफ्रिकेतनं गुलाम म्हणून गोव्यात आणलं आणि त्यातले कितीतरी पळून घाटातल्या रानात शिरले, हे त्या शाळेतल्या पोरांना कुणी सांगितलंच नसणार. मला तरी कुठं सांगितलेलं, चाळिशी उलटल्यावर कळलं.

आता ती वाकळ. ती कवंदी आहे गं, सिद्दी बायका शिवतात ती गोधडी! कोपऱ्यावरच्या त्या घड्या म्हणजे फुलं, फुलं नसली तर कवंदी नागडी म्हणतात. काठावरनं सुरू करून गोल गोल शिवत मधे यायचं, बायका अंगणात बसून शिवतात. तू तिथंच जाऊन बस. आजीच्या वयाला सुईत दोरा ओवून देणारं कुणीतरी लागतंच, आणि त्याला कोकणी कशाला पायजे. आईशी येणंजाणं का तोडलंत, तुम्ही का आला नाहीत, असले प्रश्न पहिल्या दिवशी नको, रडारड होईल ती होऊ दे. आणि मोबाईल काढून डमामी नाचून दाखवा म्हणू नको बाई, येणारा प्रत्येक पाहुणा तेच म्हणतोय तिथं.

आधी कुणाकडनं तरी निरोप धाड. जाताना मिठाईचा बॉक्स नको, आईच्या जुन्या साड्या असतील तर त्या घेऊन जा, कवंदी जुन्या कपड्यांचीच होते. धुऊन, घडी घालून ने. कात्री मात्र तू लावू नको, कुठनं कापायची ते आजी ठरवेल.

— अक्का