काठावरचा नमुना

प्रश्न : काका, आमच्या मोहननगरच्या घरी सासूबाईंनी लावलेली येशूच्या चेहऱ्याची तसबीर आहे. काळ्या भागावर पांढुरका चेहरा. तूरिनच्या पवित्र कफनावरची आहे, असं त्या सांगायच्या. मुलगा इंजिनिअरिंगला आहे, तो म्हणतो, कार्बन टेस्टमध्ये ते नकली निघालं. दिरांचं म्हणणं, ती टेस्टच चुकीची होती. त्यात नाताळात नातेवाइकांच्या ग्रुपवर आलं, की ते कापड भारतात विणलेलं आहे. जेवताना रोज वाद. तुम्ही मिलमधले, तुम्हीच सांगा.
– एक वाचक भगिनी, नागपूर

उत्तर : ताई, धर्माचं विचारलं असतंत तर मी हात जोडले असते. कापडाचं विचारलंत, तर ३४ वर्षं विव्हिंग खात्यात काढलेला माणूस गप्प कसा बसेल?

आधी तसबीर. तुमच्या भिंतीवर आहे ती त्या कापडाची सरळ छबी नव्हे, निगेटिव्ह आहे. मूळ कापड म्हणजे येशूचा देह गुंडाळला होता असं मानलं जाणारं, इटलीतल्या तूरिन शहरी जपलेलं कफन. ते सुमारे ४.४ मीटर लांब आणि १.१ मीटर रुंद, नऊवारीच्या निम्म्याहून थोडं जास्त. त्यावर माणसाची पुढची आणि मागची अशा दोन आकृत्या, डोक्याला डोकं लावून. रंग चादरीवर सांडलेल्या चहाच्या जुन्या डागासारखा. जवळ गेलं तर आकृती विरून जाते, चार पावलं मागे सरकलं की दिसते. १८९८ साली सेकोंदो पिया नावाच्या तूरिनच्या वकिलाने तिचा फोटो काढला. काच धुताना निगेटिव्हवर त्याला खराखुरा वाटणारा चेहरा दिसला. सासूबाईंची तसबीर त्या वंशातली. शास्त्रज्ञांचं भांडणही तिथूनच पेटलं.

आता कापड. ते लिननचं आहे, म्हणजे जवसाच्या खोडाच्या धाग्याचं. हो, आपण ज्याची चटणी खातो तेच जवस. विदर्भातलं बियांसाठी लावतात म्हणून बुटकं आणि फांद्यांचं, धाग्याचं असतं ते उंच आणि सरळ. मराठी बायबलात ‘तागाचं वस्त्र’ असा शब्द आहे, त्यामुळे आपल्या डोळ्यांसमोर पोतं येतं. तसं काही नाही.

वीण तीनावर एक ट्विल, म्हणजे धागा तीन धाग्यांवरून जातो आणि एकाखालून, दिशा उलटसुलट केलेली. माशाचा काटा दिसतो तशी. कोटाच्या कापडात आम्ही हीच हेरिंगबोन काढायचो. हातमागावर ती काढायला चांगला कारागीर लागतो. धाग्याला झेड पीळ आहे, म्हणजे झेड अक्षराच्या मधल्या रेघेसारखा तिरपा, तर जुन्या इजिप्तच्या लिननला बहुतेक त्याच्या उलटा, एस पीळ सापडतो. जेरुसलेमजवळच्या एका पहिल्या शतकातल्या कबरीत कफनाचे तुकडे मिळाले, ते साध्या विणीचे. योहानाच्या शुभवर्तमानात तर डोक्याचा रुमाल वेगळा पडलेला सांगितला आहे, मग चेहरा कफनावर कसा? यातल्या एकानेही निकाल लागत नाही. साध्या विणीच्या गावातही श्रीमंताच्या घरी भारी कापड असतंच. पण काउंटिंग ग्लास, म्हणजे धागे मोजायचं भिंग, लावून बसलेल्या माणसाच्या मनात पाल चुकचुकते, ती इथे.

कागदपत्रांचं म्हणाल तर हे कापड पक्कं नजरेत येतं ते १३५५च्या सुमारास, फ्रान्समधल्या लिरे गावी, जॉफ्रॉय द शार्नी या सरदाराकडे. त्याआधीच्या तेराशे वर्षांचा धागा तुटलेला. आणि १३८९ सालीच त्रुआचा बिशप पिएर दार्सी वर पत्र लिहून कळवतो, की माझ्या आधीच्या बिशपने चौकशी केली होती आणि हे रंगवणारा माणूसही सापडला होता. पहिली शंका कोण्या नास्तिकाची नाही, बिशपची आहे. दिरांना हे सांगा. मुलालाही सांगा, म्हणजे शंकेचा शोध आपण लावला असं त्याला वाटणार नाही.

मग १९८८. एप्रिलमध्ये कार्बन टेस्टसाठी कापडाच्या एका कोपऱ्यातून टपाल तिकिटाएवढे तुकडे कापून ऑक्सफर्ड, झुरिच आणि अमेरिकेतल्या ॲरिझोनाच्या प्रयोगशाळांना दिले. उत्तर आलं इ.स. १२६० ते १३९०. लिरेच्या तारखेवर अगदी बरोबर बसणारं.

दिरांचा मुद्दा कापलेल्या जागेचा आहे, आणि तो फेकून देण्यासारखा नाही. माझ्यावरच बेतलेलं सांगतो. एकदा पोऱ्याने ताक्याच्या काठाकडून नमुना कापून लॅबमध्ये दिला. काठाला धागे दुहेरी असतात. मजबुतीचा आकडा असा झकास आला की आम्ही खूश, माल गेला. पंधरा दिवसांत परत. त्यानंतर मी काठापासून वीतभर आत, तीन ठिकाणी कापल्याशिवाय नमुना घेऊ दिला नाही. तूरिनला मुळात सात प्रयोगशाळा ठरल्या होत्या, त्यांच्या तीन झाल्या आणि तुकडे सगळे एकाच कोपऱ्यातले. लोकांना दाखवायला कापड धरायचे ते अशाच कोपऱ्यांना. आमच्या मिलमध्ये असा नमुना मी परत पाठवला असता. २०१९ साली जुने कच्चे आकडे पुन्हा तपासले, तेव्हा ते आपसात नीट जुळत नाहीत असंही निघालं.

पण नमुना वाईट म्हणजे उत्तर चूक, असं होत नाही. अमेरिकेतले रसायनतज्ज्ञ रेमंड रॉजर्स यांनी २००५ साली लिहिलं, की त्या कोपऱ्यात कापूस आणि रंग सापडतो, तेव्हा तो मागाहून रफू केलेला भाग असावा. रफूचं मी ऐकून नाही, पाहून बोलतो. इतवारीत एक रफूगर होते. कोटाला पडलेलं सिगारेटचं भोक असं बुजवायचे की समोरून नख फिरवलं तरी लागायचं नाही. कोट उलटा करायचा. आतल्या बाजूला धाग्यांची बारीक टोकं उभी असायची, पेरलेल्या मेथीसारखी. २००२ साली कफनाचं मागचं अस्तर काढलं, तेव्हा मेख्टिल्ड फ्लुरी-लेम्बर्ग या स्वित्झर्लंडच्या कापडतज्ज्ञ बाईंनी उलटी बाजू पाहिली. रफू नाही, असं त्यांनी स्वच्छ सांगितलं. माझ्या लेखी ही साक्ष फार मोठी. शिवाय हिशेब करा. पहिल्या शतकातलं कापड चौदाव्यातलं दिसायला त्यातला दोन-तृतीयांश कार्बन आजचा लागेल, आणि १५३२ साली हे कापड आगीत होरपळलं, त्यानंतरची दुरुस्ती धरली तर त्याहून जास्त. तेवढ्याला रफू म्हणत नाहीत, नवं कापड म्हणतात.

२०२२ साली इटलीत क्ष-किरणांनी एक धागा तपासून ‘दोन हजार वर्षांचा असू शकतो’ असं आलं. दीर बहुधा तेच पाठवतील. त्या पद्धतीत कापड इतकी शतकं २० ते २२.५ अंशांतच राहिलं असं धरावं लागतं. आगीत सापडलेलं कापड! आणि तो धागाही त्याच बदनाम कोपऱ्याजवळचा. कोपरा वाईट असेल तर दोघांनाही वाईट.

भारताचं मूळही सापडलं. २०१५ साली इटलीतल्या संशोधकांनी कफनावरून व्हॅक्युमने ओढलेली धूळ तपासली. त्यात युरोप, आफ्रिका, मध्यपूर्व आणि भारताकडच्या वंशांचा डीएनए मिळाला. कापड भारतातलं असेल का, अशी शक्यता त्यांनी बोलून दाखवली आणि ग्रुपवाल्यांनी ‘असेल का’ खाऊन टाकलं. त्याच धुळीत कोलंबसानंतर अमेरिकेतून युरोपात आलेल्या झाडाचाही अंश आहे. मग काय, अमेरिकेत विणलं म्हणायचं? धूळ सांगते कोण येऊन गेलं. माग कुठला, ते तिला काय ठाऊक?

तर माझं मत : कापड चौदाव्या शतकातलं. आकृती कशी उमटवली, यावर मात्र अजून एकमत नाही. सूक्ष्मदर्शकाखाली तपासणारे अमेरिकी रसायनतज्ज्ञ वॉल्टर मॅकक्रोन यांना तिच्यात गेरू आणि हिंगुळाचे कण दिसले, तर १९७८ साली पाच दिवस ते कापड तपासणाऱ्या अमेरिकी चमूला ते रंगकाम वाटलं नाही. मुलाला ‘नकली’ एवढं म्हणून सुटता येणार नाही. कसं केलं, ते शोध म्हणावं. तुमच्या चर्चनेही हे श्रद्धेच्या कलमात घातलेलं नाही. १९९८ साली पोप जॉन पॉल दुसरे तूरिनला जाऊन म्हणाले होते, की हा निकाल देणं शास्त्रज्ञांचं काम.

तसबीर उतरवायची का, हे तुम्ही विचारलेलं नाही, मीही सांगत नाही. फक्त पावसाळ्याआधी मागचा पुठ्ठा बदलून घ्या आणि भिंतीपासून बोटभर पुढे टांगा. आपल्याकडच्या ओलीने जुना फोटोचा कागद काचेला चिकटतो, मग सोडवताना चेहराच निघून येतो.