नेरुळहून आईबाबांना घेऊन एका दिवसात रायगड होईल का?

होईल की, फक्त पहाटे 5 च्या आत निघा, पेण-माणगावला ट्रॅफिक लागला की अर्धा दिवस तिथेच. आईबाबा आहेत तर सरळ रोपवे घ्या, पायऱ्या दीड हजाराच्या आसपास आहेत, उन्हात जीव जातो, वीकेंडला रोपवेलाही लाईन असतेच. वर गाईड कराच, नाहीतर नुसते दगड बघून सेल्फी काढून परत याल. 1674 चा राज्याभिषेक झाला ती सिंहासनाची जागा आणि समोर नगारखाना, नगारखान्यात हळू बोललेलं सिंहासनाजवळ ऐकू येतं, करून बघा. जगदीश्वराच्या देवळाच्या पायरीवर ‘सेवेचे ठायी तत्पर’ म्हणून हिरोजी इंदुलकरांचं नाव कोरलंय, गड बांधणारा माणूस आणि नाव पायरीवर! टकमक टोक वेळ उरला तर. उतरल्यावर पाचाडला जिजाऊंची समाधी, जेवण तिकडेच उरका.